सगळां सेट कर रे म्हाराजा

माझ्या मामेसासऱ्यांना इंग्रजीतला एकच शब्द येतो, आणि त्या एका शब्दावर त्यांनी स्वतःचा संसार, सगळा गाव आणि गावचा देव असे तिन्ही सांभाळले आहेत. तो शब्द म्हणजे ‘सेट’. मी दापोलीत इंग्रजी शिकवण्यात हयात घालवलेला मास्तर. या एवढ्याशा शब्दाला मोठ्या शब्दकोशात पानंच्या पानं दिलेली असतात, हे मी वर्गात दरवर्षी डोळे मोठे करून सांगत आलो. पण कोश करणाऱ्यांची आणि मामांची गाठ पडली नाही म्हणून ते लोक तेवढ्या पानांत सुटले, हे मला माझ्या लग्नाच्या बैठकीतच कळून चुकलं. आम्ही साताऱ्याकडची माणसं, मोजकं बोलणारी. मुलीकडच्यांनी आम्हाला पाटांवर बसवलं होतं आणि मुलीचे हे मामा कोपऱ्यात सुपारी कातरत होते. एकाएकी अडकित्ता थांबवून त्यांनी खणखणीत आवाजात विचारलं, “मुलगा सेट हाय ना?” वडील चपापले. नोकरीबद्दल विचारताहेत, स्वभावाबद्दल, की आणखी कशाबद्दल, कुणालाच कळेना. शेवटी आईच घाबरून बोलून गेली, “लहानपणी जरा दमा होता, पण आता अजिबात नाही.” सगळी बैठक माझ्याकडे बघू लागली. मामा म्हणाले, “तां नाय वो. तो पाट डुगडुगतो. नीट बसलाय ना, म्हणून इचारलां.”

तेव्हा बसलेला धक्का पहिला होता, एवढंच. पुढे इतके बसले की कोकणात येताना मी बरोबर आणलेली शांत प्रकृती इथेच कुठेतरी हरवली. मी मुळातच चटकन हबकणारा माणूस. मुलांनी एखादं क्रियापद चुकवलं तरी माझ्या छातीत धडधडतं. आणि नशिबाने गाठ पडली ती अशा गृहस्थाशी, की ज्यांनी माझ्यादेखत आपल्या दिवंगत थोरल्या भावाची कवळी लावून घरातलं एक लग्न साजरं केलं. झालं होतं असं, की मांडवाच्या आदल्या दिवशी मामांच्या स्वतःच्या कवळीला तडा गेला. दापोलीला जाऊन नवी करायला वेळ नव्हता. भावाची कवळी फडताळात डबीत पडून होती. मामांनी ती धुतली, लावली, दोनदा दात वाजवून बघितले आणि ताठ मानेने पंक्तीत वाढायला उभे राहिले. जिलबी वाढता वाढता ते थोरल्या वहिनींसमोर आले आणि हसले. वहिनींच्या हातातला पेला खाली पडला. सात वर्षांपूर्वी गेलेल्या नवऱ्याचं हसू धाकट्या दिराच्या तोंडावर पाहून त्या माउलीची जी अवस्था झाली ती मी वर्णन करणार नाही. मामा मात्र शांतपणे म्हणाले, “दादाचाच सेट हाय, वहिनी. घरातच ऱ्हायला, फुकट कशाला घालवायचा?” त्यावर वहिनी आधी रडल्या, मग हसल्या, आणि जाताना कवळीसकट ती डबी आपल्या पिशवीत टाकून घेऊन गेल्या.

त्यांच्या घरातलं घड्याळ हा आणखी एक प्रकार. ते ‘एस.टी.वर सेट’ केलेलं असतं. सकाळची दापोली गाडी वळणावर भोंगा देते तेव्हा आठ वाजतात, असा मामांचा कायदा आहे. गाडी पाऊण तास उशिरा आली, तर आठ पाऊण तास उशिरा वाजतात. मामा खुर्चीवर चढून काटा मागे फिरवतात आणि उतरताना समाधानाने “सेट” म्हणतात. एका पावसाळ्यात रस्त्यावर दरड आली आणि गाडी फिरकलीच नाही. मी त्या दिवशी तिथेच होतो. भर दुपार झाली तेव्हा मामींनी पानं घेतली, तर हे ओटीवरून ओरडले, “आगो, आठ वाजायचे हायत अजून!” मामी काही न बोलता माझ्या एकट्याच्या पानात भात वाढून मोकळ्या झाल्या. मोबाइलचं तर बोलायलाच नको. मुंबईच्या भाच्याने फोन दिला. त्यात चाळता चाळता मामांना ‘सेटिंग्ज’ असं लिहिलेलं दिसलं. आपलंच कुणी आत बसलंय अशा आपुलकीने ते आत शिरले आणि बाहेर आले तेव्हा फोनची भाषा अशी काही झाली होती की ती मलाही वाचता येईना आणि भाच्यालाही. मी हादरून म्हणालो, “मामा, हे दुकानात नेऊन नीट करून घेऊ.” मामा म्हणाले, “कशाला? नक्षी बरी हाय.” वर्षभर ते त्याच नक्षीवर बोटं ठेवून सगळ्यांना बरोबर फोन लावत होते.

हा शब्द त्यांनी आणला तरी कुठून, याचा मी बरेच दिवस विचार केला. उत्तर त्यांच्या बागेतच होतं. आंब्याच्या मोहोरावर बारीक कणी धरली की आमच्या भागात सगळेच बागायतदार ‘सेटिंग झालं’ म्हणतात. थंडी नीट पडली तर सेटिंग चांगलं, ढग आले तर सेटिंग गेलं. बाकीच्यांनी तो शब्द कलमाखालीच ठेवला. मामांनी तो घरी आणून मोकळा सोडला. दही विरजलं की सेट, पाहुणा झोपला की सेट, गुडघा दुखायचा थांबला की सेट, आणि गावातल्या नमनाच्या नाट्यखेळासाठी मामींचा लग्नातला शालू न विचारता पडदा म्हणून टांगला तोही सेटच. मामींनी तो प्रयोग पहिल्या रांगेत बसून बघितला. त्यांच्या शालूच्या पदरातून राक्षस बाहेर आला तेव्हा त्यांनी जी किंकाळी फोडली, ती राक्षसाला घाबरून होती असं प्रेक्षकांना वाटलं.

भांडणं मिटवणं यालाही ते सेट करणंच म्हणत. त्यांच्या वाडीत दोन चुलत भावांमध्ये गडग्यावरून, म्हणजे जांभ्या दगडांच्या कुंपणावरून, जुना वाद होता. एकाच्या मते गडगा हात-दीड हात सरकला होता, दुसऱ्याच्या मते पहिल्याचं डोकं सरकलं होतं. मामांनी दोघांना जेवायला बोलावलं. सुरमईचं तिखलं, तांदळाची भाकरी, वर सोलकढी. दोघं पोटभर जेवले, सुपारी खाल्ली. मामांनी जाहीर केलं, “झाला सेट. उद्या मी गडगा मधनं घालतो.” आणि खरोखरच सकाळी उठून त्यांनी दोघांनाही न विचारता गडगा हलवला. दुपारी दोन्ही भाऊ खांद्याला खांदा लावून मामांच्या अंगणात भांडायला आले. मी दाराआड झालो. मामा मात्र माझ्या कानाशी येऊन म्हणाले, “बगितलात? एकत्र आले ना?”

एकदा मुरुडच्या पुळणीवर आम्ही दोघं बसलो होतो. मी नेहमीप्रमाणे सांगत होतो की निवृत्त झालो की मी साताऱ्याला परत जाणार. हे वाक्य मी दापोलीत पाय ठेवला त्या दिवसापासून बोलत आलो आहे. मामांसमोर हा विषय निघाला की ते ऐकू न आल्यासारखं करतात. त्या दिवशीही त्यांनी वाळूत रेघ मारली आणि विचारलं, “जावयसर, विंग्रजीत सेट म्हंजी नक्की काय वो?” इतक्या वर्षांत पहिल्यांदा त्यांनी चौकशी केली होती! मी सरसावून बसलो. ठेवणे, बसवणे, लावणे, घट्ट होणे, ठरवणे असं एकेक सांगत गेलो. ते मान डोलवत होते, सगळे अर्थ त्यांच्या ओळखीचे होते. मग मी समोर बोट दाखवून म्हणालो, “आणि सूर्य मावळतो, त्यालाही इंग्रजीत हाच शब्द.” मामांची मान थांबली. त्यांना धक्का बसलेला मी तेव्हा पहिल्यांदा पाहिला. मग धोतर झटकून उठत म्हणाले, “बुडला तरी सेट म्हंतात? मंग त्या लोकांना भ्या कसलां ता नसंल.”

हे सगळं सांगितलं तरी मामांचं खरं काम अजून सांगायचं राहिलंच आहे. ते गावचं गाऱ्हाणं घालतात. कुणाचं काही अडलं, कुणाला काही हवं असलं, की माणूस देवळात विडा आणि नारळ ठेवतो, आणि त्याच्या वतीने देवाशी बोलायचं काम मामांचं. मुंबईकर गावी आले की देवळापुढे ही रांग लागते. मामांचा आवाज असा, की देवळात उभे राहून बोलले तर पऱ्ह्याच्या, म्हणजे ओढ्याच्या, पलीकडच्या वाडीतली माणसं हातातलं काम थांबवून घरूनच ‘व्हय म्हाराजा’ म्हणत. मी पहिल्यांदा ऐकलं तेव्हा हात जोडून, डोळे मिटून उभा होतो. “बा देवा म्हाराजा!” मामा गरजले. “व्हय म्हाराजा!” लोक म्हणाले. “आज ह्या तुज्या लेकरान् तुज्या पायाशी नारळ ठेवलान् हाय, तो मान्य करून घे रे म्हाराजा!” “व्हय म्हाराजा!” अंगावर काटा आला. आणि पाठोपाठ, “त्याची मुंबैची रूम सेट कर, पोरीचां लगीन सेट कर, सायबाची न् त्याची काय वाकडीक आसंल ती सेट कर रे म्हाराजा!” माझे डोळे खाड्कन उघडले. देवापुढे हा शब्द! मी आजूबाजूला बघितलं. कुणालाच काही वाटलं नव्हतं. सगळे मनापासून “व्हय म्हाराजा” म्हणत होते, आणि सगळ्यात मोठ्याने मुंबईची रूमवाला.

या कामाचा त्या गावात एक नेम आहे. जो तोंडाने गाऱ्हाणं घालतो त्याने स्वतःसाठी देवापुढे शब्द काढायचा नाही. त्याला काही हवं असेल तर त्याने आपला नारळ दुसऱ्याच्या हातात द्यायचा आणि त्याच्याकडून मागून घ्यायचं. मामांनी कधी कुणाच्या हातात नारळ दिला नव्हता. “मला काय कमी हाय? सगळां सेट,” एवढंच म्हणायचे.

मग त्यांचा आवाज बसला. आधी खवखव, मग घोगरेपणा. शिमग्यात पालखीपुढे ओरडून बसला असेल, असं सगळेच म्हणाले. मामा म्हणाले, “घशाचां सेटिंग हाललां हाय, पावसात बसंल परत.” पाऊस आला आणि गेला, आवाज काही जागेवर बसला नाही. मामी माझ्यामागे लागल्या, “जावयबापू, तुमी सांगा. माजां ऐकत नायत ते.” मी त्यांना दापोलीच्या डॉक्टरांकडे नेलं, त्यांनी रत्नागिरीला पाठवलं, आणि तिथे कळलं की घशात गाठ आहे. ती काढावी लागेल. आवाज राहील की जाईल हे आधी सांगता येत नाही. डॉक्टर बोलत होते तोवर मामा त्यांच्या टेबलावरची कात्री, पेन, कागद नीट रांगेत लावत होते. बाहेर आलो. एस.टी. यायला अवकाश होता. मी मनाची तयारी करून बसलो, की आता हे म्हणणार, सेट व्हईल सगळां. त्या क्षणी मला तो शब्द कधी नव्हे इतका ऐकायचा होता. मामांनी तिकिटाचे सुटे पैसे पुन्हा पुन्हा मोजले. मग घोगऱ्या आवाजात म्हणाले, “सर, मला भ्या वाटतां वो. आवाज गेला तर गावानं माज्याकडं कशाला यावां?” एवढ्या अडचणीत त्यांनी तो शब्द उच्चारला नाही, असं जन्मात पहिल्यांदाच घडलं. त्यांनी दिलेल्या सगळ्या धक्क्यांत हा मोठा होता. मी त्यांचा हात धरून बसलो.

ऑपरेशनच्या आधीच्या रविवारी मामांनी देवळात सगळ्यांसमोर आपला नारळ पुढे केला. गुरवाने हात पसरले, तर मामांनी मान हलवली आणि नारळ माझ्या हातात दिला. मी उडालोच. “मामा, मी परका. मला यातलं काही येत नाही.” मामा कसेबसे म्हणाले, “मास्तर हाव तुमी. मागच्या बाकापतुर आवाज जातो तुमचा.” झालं. मी घसा खाकरला आणि शुद्ध, भारदस्त मराठीत सुरुवात केली, “हे करुणासागरा, तुझ्या या निस्सीम भक्ताच्या कंठास प्राप्त झालेल्या व्याधीचे निवारण...” आणि थांबलो. कुणी काही म्हणेना. माणसं एकमेकांकडे बघत होती. ‘व्हय म्हाराजा’ म्हणायचं कुठे, तेच त्यांना सापडत नव्हतं. मी पुन्हा सुरू केलं, पुन्हा शांतता. तेव्हा बायकांतून मामींचा आवाज आला, “जावयबापू, देवाला समजंल असां बोला.” मी मामांकडे बघितलं. ते डोळे मिटून, हात जोडून उभे होते, आणि इतके बारीक दिसत होते की मला भडभडून आलं. मी सगळं विसरलो आणि ओरडलो, “बा देवा म्हाराजा!” “व्हय म्हाराजा!” असा काही प्रतिसाद आला की देवळातली घंटा थरथरली. “आमच्या मामांचा घसा सेट कर रे म्हाराजा!” “व्हय म्हाराजा!” “डॉक्टरचा हात सेट ठेव, मामींचां काळीज सेट ठेव, न् ह्या गावाचा आवाज गावाला परत दे रे म्हाराजा!” “व्हय म्हाराजा!” माझ्या तोंडून हे काय बाहेर पडतंय याचा मलाच धक्का बसत होता, पण थांबता येत नव्हतं. मामांच्या गालांवरून पाणी वाहत होतं.

गाठ साधी निघाली, मामा वाचले. आवाज मात्र परत आला तो कुजबुजण्याएवढाच. शेजारी बसलेल्या माणसाला ऐकू येतो, उंबऱ्यापलीकडे जात नाही. मला वाटलं होतं, गावकरी आता दुसरा माणूस बघतील. गावकऱ्यांनी दुसरी तोड काढली. मामांनी माझ्या कानात सांगायचं आणि मी मोठ्याने बोलायचं. गुरवाने मला पहिल्याच दिवशी बजावलं, “सर, आता तोंड तुमचां. म्हंजी नेम पन तुमाला.” तेव्हापासून दर सणाला आणि दर मे महिन्यात, ज्या शब्दाने आयुष्यभर माझ्या काळजाचे ठोके चुकवले, तोच शब्द मी दोन वाड्यांना ऐकू जाईल असा ओरडत आलो आहे. कुणाचा दहावीचा पोर सेट कर, कुणाची बोअरिंग सेट कर. माझे जुने विद्यार्थी मुंबईहून येतात, ते ऐकून आधी चकित होतात आणि मग व्हय म्हाराजा म्हणतात.

यंदा मी निवृत्त झालो. साताऱ्यात घर घेऊन ठेवलेलं आहे, मे संपला की निघायचं असं ठरलं. मामांना मी ते सांगितलं तेव्हा त्यांनी “हं” केलं आणि घड्याळाला किल्ली द्यायला उठले. मेच्या शेवटच्या आठवड्यात देवळात मुंबईकरांची गाऱ्हाणी झाली. सगळे नारळ संपले असं वाटलं आणि मी हात खाली घेतले, तर मामांनी आपल्या पिशवीतून एक नारळ काढून देवापुढे ठेवला. माझ्या कानाशी आले. आवाज जेमतेम वाऱ्याएवढा. “बा देवा म्हाराजा, ह्या आमच्या जावयसरांना हितंच सेट कर रे म्हाराजा.”

मी जागच्या जागी हबकलो. बोलायला तोंड उघडलं ते तसंच राहिलं. तोंड माझं, म्हणजे नेमही मला. स्वतःसाठी शब्द काढायचा नव्हता. सगळे माझ्याकडे बघत होते. मामा मान खाली घालून उभे होते. मागे बायकांत माझी बायको उभी होती आणि तिच्या शेजारी मामी. मामींनी तेवढ्या लांबून मामांचे ओठ हललेले बघितले असणार. त्यांनी पदर सावरला आणि त्या एकट्याच म्हणाल्या, “व्हय म्हाराजा.” मग काय मागितलं, कुणासाठी मागितलं, ते कुणीच विचारलं नाही. सगळा गाव एका आवाजात म्हणाला, “व्हय म्हाराजा!”

मे सरून गेला. साताऱ्याच्या घराची किल्ली खुंटीला अडकवलेली आहे, आणि सामान बांधायला घेऊ या, असं आमच्या घरात अजून कुणी म्हटलेलं नाही.